नाव फकीरा

वर्षभर या सदरात आपण गावांच्या नावांचा शोध घेतला. दिवाळीच्या अंकासाठी म्हटले, एखादे माणसाचे नाव घ्यावे. तेही आपल्या घरातले, पण दूरदेशाहून आलेले.

मराठीच्या प्राध्यापकाला हजेरी घेणे कंटाळवाणे वाटावे अशी समजूत आहे. मला मात्र गेली अठरा-वीस वर्षे हजेरीपट वाचायला आवडतो. मुलांची स्वतःची नावे आता सगळीकडे सारखीच झाली आहेत. पुण्याचा ओंकार आणि मुखेडचा ओंकार यांत फरक सांगता येणार नाही. पण आपल्याकडे मधले नाव बापाचे लावतात, आणि त्या मधल्या रकान्यात खरा मराठवाडा बसलेला असतो. कंधार, मुखेड, अहमदपूर, उदगीर, औसा अशा तालुक्यांतून मुले येतात आणि बरोबर आपल्या बापांना घेऊन येतात : शेषेराव, नागोराव, व्यंकट, दौलत, हिंमत, साहेबराव, फकीरा.

यांतली शेवटची चार नावे मुळात अरबी. तुम्ही म्हणाल, हे तर आपलेच लोक! अर्थातच आपले. 'हजेरी' तरी कुठे परकी वाटते? हजर, हजेरी, हुजूर ही सगळी एकाच अरबी धातूची लेकरे. समोर उपस्थित असणे हा त्याचा अर्थ. नांदेडला गोदाकाठी 1708 साली गुरू गोविंदसिंहांनी देह ठेवला. त्या स्थानाला शीख बांधव 'हुजूर साहिब' म्हणतात. ते दोन्ही शब्द अरबीच.

'साहेब' म्हणजे मुळात सोबती. आपण त्याला बंगल्यात नेऊन बसवला, ही गोष्ट वेगळी. 'हिंमत' म्हणजे मनाचा निर्धार. 'दौलत' हा शब्द फिरण्या-पालटण्याच्या धातूपासून आला आहे. आज याच्याकडे, उद्या त्याच्याकडे, ती दौलत! 1327 च्या सुमारास महंमद तुघलकाने देवगिरीला राजधानी नेली आणि गावाला दौलताबाद नाव दिले. पुढे काही वर्षांत राजधानी परत दिल्लीला गेली. शब्दाने आपला अर्थ खरा करून दाखवला म्हणायचे!

पण ही तिन्ही नावे ऐटीची आहेत. बापाला वाटते, मुलगा धनवान व्हावा, धीट व्हावा, साहेब व्हावा. फकीरा हे नाव त्या पंक्तीतले नव्हे. आपले मूल भिकारी व्हावे असे कोणत्या आईबापाला वाटेल?

आधी शब्द पाहू. अरबीत 'फकीर' म्हणजे गरजवंत, ज्याच्यापाशी काही नाही असा. याच धातूत 'फकार' म्हणजे पाठीच्या कण्याचे मणके. म्हणून जुने अरबी कोशकार अर्थ लावतात की, गरिबीने ज्याचा कणा मोडला तो फकीर. हजरत अलींची प्रसिद्ध तलवार 'जुल्फिकार'. तिच्या नावातही हाच कणा आहे. म्हणजे एकाच शब्दकुळीत मोडलेली पाठ आहे आणि न मोडणारी तलवारही आहे.

फकीरच्या उलट शब्द 'गनी' : ज्याला कशाचीच गरज नाही असा. कुराणात सांगितले आहे की माणसे सगळी ईश्वरापुढे फकीर, गनी तो एकटा. हा अर्थ सूफींनी उचलला आणि गरिबीलाच पदवी केले. अरबी ग्रंथ लिहून संपवणारा लेखक शेवटी आपल्या नावाआधी नम्रपणे 'अल्-फकीर' असे लिहीत असे. आपल्याकडे 'दासानुदास' किंवा 'चरणरज' लिहीत, अगदी तसेच. मात्र नुसते 'फकीर' एवढेच नाव मुलाला ठेवण्याची चाल अरबांत नाही. बिरुद त्यांचे, त्याला 'आ' लावून, 'राव' लावून, 'चंद' लावून पाळण्यात घातले ते आपण. फकीरा, फकीरराव, फकीरचंद. यांपैकी शेवटचा तर मारवाडी व जैन घरांतला, आणि पुष्कळदा तालेवार पेढीचा मालक!

'फकीर' हा शब्द शिवीसारखा वापरणारेही झाले. 1931 साली गांधीजी व्हाइसरॉयांच्या भेटीला गेले तेव्हा चर्चिल यांनी संतापून त्यांना अर्धनग्न फकीर म्हटले. तेरा वर्षांनी गांधीजींनी चर्चिलना पत्र पाठवले त्यात कळवले की, फकीर होण्याचा, तोही नग्न फकीर होण्याचा माझा बराच काळ प्रयत्न चालू आहे आणि तुमचे शब्द मी गौरव म्हणून घेतो. अरबी कोशातला सूफी अर्थ एका गुजराती वैष्णवाने इंग्रजाला समजावून सांगितला तो असा.

आता नाव आपल्या गावात कसे आले ते पाहू. त्याचा रस्ता कोशातून जात नाही, मोहरमातून जातो.

मराठवाडा 17 सप्टेंबर 1948 पर्यंत निजामाच्या राज्यात होता. त्यामुळे दख्खनी मोहरमाची रीत इथे गावोगाव मुरली. इ. स. 680 मध्ये करबला येथे इमाम हुसेन शहीद झाले, त्यांच्या स्मरणाचे हे दहा दिवस. गावात सवाऱ्या बसतात, पंजे उभे राहतात, पुढ्यात खड्डा खणून अलावा पेटवतात. ज्या गावात मुसलमानाचे एकही घर नाही, तिथेही पिढीजात मानकरी पंजा बसवताना दिसतात. याच दिवसांत नवसाची 'फकिरी' घेतात. मूल जगत नसेल, आजारी असेल, तर आई बोलते : हे वाचू दे, याला तुझा फकीर करीन. मग मोहरम आला की पोराच्या गळ्यात रंगीत नाडा बांधायचा, हिरवा कपडा घालायचा, खांद्याला झोळी द्यायची आणि पाच घरी मागायला पाठवायचे. आलेल्या पिठा-गुळाचा मलिदा करून वाटायचा. घरी खाऊनपिऊन सुखी असले तरी त्या दिवशी मागायचेच. दख्खनच्या जाफर शरीफ यांचे 'कानून-ए-इस्लाम' हे पुस्तक 1832 साली लंडनला इंग्रजीत छापले गेले. त्यात मोहरमात घेतल्या जाणाऱ्या फकिरीच्या सोंगांचे व प्रकारांचे पानेच्या पाने वर्णन आहे. तेव्हा ही चाल काही काल-परवाची नव्हे.

काही घरांत फकिरी दहा दिवसांपुरती न ठेवता जन्मभरासाठी नावातच घालून देत. तोच फकीरा.

आता ही युक्ती आपल्याला नवी आहे का? मुळीच नाही. पाठोपाठ मुले गेली की पुढच्याला धोंडू, दगडू, केरबा, भिकू, उकिर्ड्या म्हणायचे, म्हणजे काळाची नजर त्याच्यावर पडत नाही. लातूरजवळच्या बाभळगावचे विलासराव 1999 मध्ये राज्याचे मुख्यमंत्री झाले, तेव्हा साऱ्या महाराष्ट्राने 'विलासराव दगडोजीराव देशमुख' हे नाव पुरते ऐकले. दगडोजी या नावाचे कुणाला वावगे वाटले नाही. भिकाजी आणि फकीरा यांत अर्थाने काडीचा फरक नाही. एक संस्कृताच्या दाराने आला, दुसरा अरबीच्या. नाव ठेवायला दोन्ही चालत होती. अलीकडे दुसऱ्याला मात्र नावे ठेवू लागले आहेत.

कळमनुरी तालुक्यातल्या रूपूरचे कवी फ. मुं. शिंदे हे सासवडच्या 2014 च्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष होते. त्यांची 'आई' ही कविता शाळेतल्या मुलांनाही माहीत असते. त्या आद्याक्षरांतली नावे उलगडली की 'फकीरराव मुंजाजी' मिळते. पिंपळावरचा मुंजा आणि पिराचा फकीर, बाप-लेकांच्या नावांत शेजारी शेजारी. मराठवाड्याचा सामाजिक इतिहास लिहावयाचा झाल्यास एवढे दोन शब्द मथळ्याला पुरतील. तिकडे वारणेच्या खोऱ्यात अण्णाभाऊ साठे यांनी 1959 साली कादंबरी लिहिली, तिचे नावच 'फकीरा'. त्यांच्या जन्माच्या वेळी या फकीराने लुटलेल्या खजिन्यातून बाळंतिणीला दोन ओंजळी रुपये दिले, असे सांगतात. नावाने फकीर असून देणारा तो होता.

अरबी नाव मराठा घरात नवसाने आल्याचा सर्वांत मोठा दाखला तर भोसल्यांचाच. वेरूळच्या मालोजीराजांना मूल होईना, तेव्हा अहमदनगरच्या (आजच्या अहिल्यानगरच्या) शाह शरीफ पिराला नवस केला. दोन मुलगे झाले, त्यांची नावे शहाजी आणि शरीफजी ठेवली. ग्रँट डफने 1826 च्या आपल्या इतिहासात ही हकिकत दिली आहे. 'शाह' फारसी, 'शरीफ' अरबी : कुलीन, थोर. शरीफजी 1624 साली भातवडीच्या लढाईत पडले. त्यांचे नाव पुढे तंजावरच्या भोसल्यांत 'सरफोजी' होऊन राहिले असे मानतात. तिथल्या पंडितांना मात्र ते तेवढे रुचले नसावे. त्यांनी त्याचे 'शरभोजी' केले, 'शरभेंद्र' केले. नाव धुऊन घेण्याची हौस अशी जुनी आहे!

थोरल्या घरी काय झाले ते याच्या शेजारी ठेवून पाहण्यासारखे आहे. शिवाजीमहाराजांनी दरबारातल्या फारसी-अरबी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द देण्यासाठी 'राज्यव्यवहारकोश' करवून घेतला. वडिलांच्या नावाला मात्र हात लावला नाही. त्यांच्या संस्कृत राजमुद्रेतही वडिलांचा उल्लेख 'शाह' असाच आहे. कारभाराचा शब्द बदलणे निराळे आणि आजीचा नवस बदलणे निराळे, हे त्यांना कळत होते असे मला वाटते.

हे सगळे एवढ्या तपशिलाने सांगण्याचे कारण म्हणजे माझा एक विद्यार्थी. पदवीनंतर पुढच्या शिक्षणासाठी तो एका मोठ्या शहरात गेला. खोली पाहिली, भाडे ठरले, आधार कार्ड दाखवले. घरमालकांचे बोट मधल्या नावावर थांबले. "फकीरा? म्हणजे तुम्ही...?" याने आपली जात सांगितली, कुळदैवत सांगितले. "कळवतो," असे उत्तर मिळाले. ते कळवणे अजून चालूच आहे. तो मुसलमान असता तर खोली नाकारणे योग्य ठरले असते काय, हा प्रश्न उरतोच. पण तो पोराला विचारण्याचा नव्हे. असे आणखी दोन ठिकाणी झाले. मग तो नांदेडला परत आला तो राजपत्रात बापाचे नाव बदलून घेण्याचा अर्ज लिहूनच. भाषा तपासून द्या म्हणाला. फकीराचे त्याला 'फाल्गुन' करायचे होते.

मी भाषा तपासली. 'अर्ज' अरबी, 'हक्क' अरबी, 'वकील' अरबी, 'जिल्हा' आणि 'तालुका' अरबी. त्या कागदावरची सगळी अरबी तशीच राहणार होती, जाणार होता तो बाप. हे त्याला दाखवले तेव्हा तो हसला. पण हसण्याने खोली मिळत नाही, हे त्याचे म्हणणेही खोटे नव्हते. मी एवढेच म्हटले की, ज्याचे नाव आहे त्याला तरी विचार.

पुढच्या आठवड्यात तो वडिलांनाच घेऊन आला. पांढरे धोतर, डोक्याला रुमाल, हातात एसटीचे तिकीट अजून तसेच. खुर्चीवर बसेनात. म्हणाले, "सर, पोराची अडचण मला कळतीया. त्याला खोली मिळत आसंल तर नाव बदलायला माझं काय जातंय? पर हे नाव माझं न्हाई. माझ्या मायचं हाय. माझ्या आदी तीन लेकरं गेली तिची. चौथ्याला तिनं सवारीपुढं टाकलं आन् म्हनली, तुझं हाय, जगीव. आता नाव मोडायचं तर तिला इचाराया पायजे, आन् ती तर गेली."

मुलगा खिडकीबाहेर पाहत होता. थोड्या वेळाने त्याने कागदाची घडी घातली. वडिलांचे नाव त्याच्या कागदपत्रांवर आहे तसेच राहिले. खोली शेवटी मिळाली ती वसतिगृहातल्या एका मित्राच्या ओळखीने. त्याचा धाकटा भाऊ मात्र आता सगळीकडे नुसते 'एफ.' लिहितो.

जाता जाता मी त्यांना विचारले, फकिरी अजून घेता का? साठी उलटलेला तो गृहस्थ लाजला. दर मोहरमात घेतो म्हणाला. गळ्यात नाडा, खांद्याला झोळी, पाच घरे. ती पाच घरे त्याच्या आईच्या वेळेपासून ठरलेली आहेत. गेल्या वर्षी त्यांतल्या एका घराने दार उघडले नाही. आतून टीव्हीचा आवाज येत होता. थोडा वेळ उभे राहून ते निघाले. चार घरांवर नवस फिटत नाही, म्हणून अंधारात ओढा ओलांडून पलीकडच्या वाडीत गेले आणि तिथल्या पहिल्याच घरी पाचवी मूठ मागून आणली.