गोणी सोडा, पैसे अडकवा

मी डोंबिवलीत राहतो, वकिली कल्याण आणि ठाण्याच्या कोर्टांत करतो. खताच्या जप्तीचं प्रकरण हाती घेतलं की बाररूममधले मित्र विचारतात, ‘अहो, आपल्याकडे शेती उरलीय कुठे?’ शेती मुरबाड-शहापूरकडे आहे, मोठी गोदामं भिवंडीकडे, आणि कज्जे इथे.

कारवाईला माझा विरोध नाही, हे आधीच सांगून टाकतो. युरियाची ४५ किलोची गोणी शेतकऱ्याला साधारण २६६ रुपयांत मिळते, ती बाकीचा बोजा सरकार उचलतं म्हणून. तीच गोणी गोंद किंवा रेझिन बनवणाऱ्याकडे वळवली की मधल्या माणसाची चांदी. हे थांबावं म्हणून २०१५ पासून देशात बनणाऱ्या सगळ्या युरियाला निंबोळी तेलाचा लेप सक्तीचा झाला, तरी धंदा पुरता मोडला नाही. तेव्हा धाडी घाला, परवाने रद्द करा, खटले भरा. मी बोलतोय ते धाडीनंतरचं. पंचनामा झाला, गोण्यांना सील लागलं. पुढे त्या गोण्यांचं काय?

पुढे पावसाळा. खताची ओढाताण खरिपात असते, त्यामुळे जप्त्याही बहुधा तेव्हाच. युरिया हवेतला ओलावा ओढून घेतो. आपल्या बाजूच्या जुलै-ऑगस्टमध्ये पत्र्याच्या गोदामात पडून राहिलेली गोणी उघडायला पुढे हातोडा लागतो. माझ्या एका दुकानदार अशिलाचा साठा विक्री नोंदवणाऱ्या पॉस मशीनवरच्या आकड्याशी जुळला नाही म्हणून अडकला होता. कोर्टाच्या व्हरांड्यात ते म्हणाले, ‘वकीलसाहेब, चुकलो असेन तर मला दंड करा. पण गावात लावण्या उरकल्यात, लोक एकेका गोणीसाठी फिरतायत, आणि इकडे माल कुलपात.’

पोलिसांनी धरलेली मोटारसायकल दंडाधिकाऱ्यांकडून सोडवतात तसं खतही सोडवून आणावं, अशी त्यांची अपेक्षा. ते जमत नाही. खत जीवनावश्यक वस्तू कायदा, १९५५ खाली येतं. कलम ६-ए नुसार जप्त मालाचा फैसला जिल्हाधिकारी करतात; खटला भरलेला असो वा नसो, ते माल सरकारजमा करू शकतात. कलम ६-ई इतर कोर्टांचा हात या मालापासून दूर ठेवतं. नोटीस, सुनावणी, हुकूम, मग महिन्याच्या आत अपील. भाताला या तारखांशी काही देणंघेणं नसतं.

पण त्याच कलम ६-ए मध्ये दुसरं पोटकलम आहे, आणि माझा सगळा वाद तेवढ्यासाठी आहे. माल लवकर खराब होणारा असेल, किंवा विकणं लोकांच्या हिताचं असेल, तर जिल्हाधिकारी तो ठरलेल्या सरकारी दराने लगेच विकायला लावू शकतात. दुकानदार पुढे निर्दोष सुटला, तर खर्च वजा जाता विक्रीची रक्कम त्याला मिळते. म्हणजे भांडण पैशावर चालू द्यायची सोय कायद्यात आहेच. फायलींत मात्र त्या पोटकलमाचा उल्लेख मला क्वचितच दिसतो.

सोय न वापरल्याने काय होतं, ते आंध्रच्या एन. नागेंद्र राव कंपनीच्या खटल्यात दिसलं. ऑगस्ट १९७५ मध्ये या व्यापाऱ्याचं खत जप्त झालं. ते सहायक कृषी अधिकाऱ्याच्या ताब्यात देऊन गरजू शेतकऱ्यांना वाटावं, असा चांगला आदेशही निघाला. अधिकारी हलले नाहीत. माल परत द्यायची वेळ आली तेव्हा खत वजनानेही घटलं होतं आणि प्रतही गेली होती. भरपाई मागितल्यावर सरकारने सार्वभौम अधिकाराची ढाल पुढे केली: अशा कामात झालेल्या नुकसानाला सरकार जबाबदार नाही. (१९४७ मध्ये मेरठ पोलिसांनी जप्त केलेलं सोनं घेऊन हवालदार पाकिस्तानात पळाला, तेव्हा ती ढाल कस्तुरीलाल खटल्यात चालली होती.) सप्टेंबर १९९४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती खाली ठेवायला लावली आणि राज्याला जबाबदार धरलं. एकोणीस वर्षं गेली, आणि भुर्दंड सरकारी तिजोरीवर, म्हणजे तुमच्याआमच्यावर.

विलंबाचा फायदा आरोपीलाही होतो. कीटकनाशकांचा कायदा वेगळा, १९६८ चा. त्यात विश्लेषकाचा अहवाल मान्य नसेल तर नमुना पुन्हा केंद्रीय प्रयोगशाळेत तपासून घ्यायचा हक्क आरोपीला आहे. हरियाणा सरकार विरुद्ध युनिक फार्मएड या खटल्यात औषधाची मुदत संपून गेल्याने तो हक्क वापरताच आला नाही, म्हणून १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने फिर्यादच टिकू दिली नाही.

बोगस खत विका, असं मी म्हणत नाही. प्रतीबद्दल शंका असेल तर अहवाल येईपर्यंत एक दाणाही बाहेर जाऊ नये. पण कित्येक प्रकरणांत वाद साठ्याच्या नोंदीचा किंवा परवान्याचा असतो, खत चोख असतं. ते अडवून कोणाचं भलं होतं? खरं सांगायचं तर आम्हा वकिलांपैकी काहींचं होतं; खराब झालेल्या मालावर नवा दावा उभा राहतो.

अधिकाऱ्यांची भीती मी समजू शकतो. विकलं आणि उद्या लेखापरीक्षणात कुणी बोट ठेवलं तर? म्हणून ज्यात हात अडकत नाही ते करायचं, म्हणजे काहीच नाही. यावर उपाय अवघड नाही. नमुने राखून ठेवावेत, माल तालुक्याच्या खरेदी-विक्री संघामार्फत पॉस मशीनवर विकावा, म्हणजे कुठली गोणी कोणत्या शेतकऱ्याच्या आधारवर गेली याची नोंद आपोआप राहते. विकायचं नसेल तर जिल्हाधिकाऱ्यांनी आठ दिवसांत लेखी कारण द्यावं. दर वर्षी पालकमंत्र्यांसमोर खरीपपूर्व आढावा बैठक होते, तिथे खताचं नियोजन मांडलं जातं. त्या तक्त्यात एक रकाना वाढवा: जप्त साठा किती, कुठे, कधीपासून.