देणारे सरकार मागू लागते तेव्हा...

ओमानचे सुलतान हैथम बिन तारिक यांनी जून २०२५ मध्ये एका कायद्याला मंजुरी दिली आणि आखातातील एका जुन्या व्यवहाराला तडा गेला. वर्षाला ४२ हजार रियालांहून अधिक कमावणाऱ्यांना २०२८ पासून पाच टक्के प्राप्तिकर भरावा लागेल, असे हा कायदा सांगतो. आखाती सहकार्य परिषदेच्या सहा सदस्य देशांपैकी एकातही तोवर वैयक्तिक प्राप्तिकर नव्हता. ओमानमधील बहुसंख्य नागरिकांना या कराची झळ लागणार नाही, हे खरे. परंतु येथे रकमेपेक्षा तत्त्व मोठे आहे. आजवर देत आलेले सरकार आता मागू लागले आहे.

हा व्यवहार समजून घ्यायचा तर १९३८ सालच्या कुवेतकडे पाहावे लागते. मोत्यांचा व्यापार बुडाला होता आणि अमीर शेख अहमद अल-जाबिर यांची तिजोरी मुख्यतः व्यापाऱ्यांकडून मिळणाऱ्या जकातीवर चालत होती. साहजिकच त्या व्यापाऱ्यांनी पैशाचा हिशेब मागितला. त्यांच्या आग्रहाने एक मंडळ निवडले गेले आणि त्याने जमाखर्चात लक्ष घालायला सुरुवात केली. वर्ष संपण्यापूर्वीच अमिरांनी ते बरखास्त केले. योगायोग असा, की त्याच वर्षी कुवेतमधील बुरगान येथे आणि सौदी अरेबियातील दम्माम येथे विपुल तेल सापडले. महायुद्धानंतर तेलाचा पैसा वाहू लागला आणि राज्यकर्त्यांना व्यापाऱ्यांच्या जकातीची गरज उरली नाही. जकात देणारा संपला, तसा हिशेब मागणाराही मागे पडला.

पुढे सर्वच आखाती देशांत हाच अलिखित करार रुजला. सरकारने नोकरी, घर, शिक्षण, उपचार, स्वस्त वीज आणि पेट्रोल द्यायचे. नागरिकाने कर भरायचा नाही आणि प्रश्नही विचारायचे नाहीत. इजिप्तचे अर्थतज्ज्ञ हाझेम अल-बेबलावी यांनी १९८०च्या दशकात या व्यवस्थेची मीमांसा केली. आपल्या भाषेत सांगायचे तर ही खंडावर जगणारी राज्ये आहेत. जमीन कसणारा दुसरा आणि मालक खंड घेऊन घरी बसलेला, अशी ही रचना. कसणारे हात बाहेरून आले. कतार आणि अमिरातींत दहा रहिवाशांमागे जेमतेम एक स्थानिक नागरिक असतो, यातच सारे आले.

खंड वाढत असतो तोवर ही रचना सुखाची वाटते. १९७३च्या तेलबंदीनंतर तीन डॉलरचे पिंप काही महिन्यांत बाराच्या घरात गेले. १९८६ मध्ये ते पुन्हा दहापर्यंत घसरले. २०१४च्या मध्यास शंभरीपार असलेला दर २०१६च्या प्रारंभी तिशीच्या खाली आला. या काळात लोकसंख्या मात्र वाढतच होती आणि तिच्यात तरुणांचा भरणा मोठा होता. प्रत्येकाला सरकारी खुर्ची देणे अशक्य झाले. सौदी अरेबियाने एप्रिल २०१६ मध्ये ‘व्हिजन २०३०’ जाहीर केले, ते या हिशेबातून. जानेवारी २०१८ मध्ये सौदी अरेबिया आणि अमिरातींत पाच टक्के मूल्यवर्धित कर आला. करोनाच्या साथीत, जुलै २०२० मध्ये, सौदी सरकारने तो एकदम पंधरा टक्के केला आणि कर्मचाऱ्यांचा महागाई भत्ताही थांबवला. अमिरातींनी २०२३ मध्ये कंपन्यांच्या नफ्यावर नऊ टक्के कर लावला.

या बदलांत काहीच घडले नाही, असे म्हणणे अन्यायाचे ठरेल. २०१८ मध्ये सौदी महिलांना वाहन चालवण्याची परवानगी मिळाली. श्रमशक्तीतील त्यांचा सहभाग पूर्वी एक पंचमांशाहून कमी होता. तो पुढील काही वर्षांत एक तृतीयांशाच्या आसपास पोहोचला. तरीही नव्या शहरांचा आणि प्रकल्पांचा डोलारा उभा आहे तो मुख्यतः तेलाच्याच पैशावर. खंड सोडण्याची तयारीही खंडाच्याच रकमेतून चालली आहे.

ज्यांच्या भूमीत पुरेसे तेल नाही, त्या अरब देशांनीही खंडाचाच मार्ग धरला, हे अधिक चिंताजनक. इजिप्तची भिस्त सुएझ कालव्याचे शुल्क, पर्यटन, परदेशस्थ इजिप्शियनांचा पैसा आणि मित्रराष्ट्रांची मदत यांवर आहे. यांतले बरेचसे दुसऱ्याच्या मर्जीवर अवलंबून असते. तांबड्या समुद्रात हौथींचे हल्ले सुरू झाले आणि २०२४ मध्ये कालव्याचे उत्पन्न निम्म्याहूनही खाली आले. त्याच वर्षी पौंडाचे मोठे अवमूल्यन झाले, अबुधाबीने रास अल-हिक्मा येथील किनारपट्टीसाठी ३५ अब्ज डॉलरचा करार केला, तेव्हा कुठे सरकारला श्वास घेता आला. खुद्द बेबलावी २०१३ मध्ये इजिप्तचे हंगामी पंतप्रधान झाले, तेव्हा त्यांचे सरकारही आखाती मदतीच्याच टेकूवर उभे होते. नियतीचा असा विनोद क्वचितच पाहायला मिळतो.

अशा देशात करार मोडण्याची किंमत काय असते, हे कैरोला ठाऊक आहे. जानेवारी १९७७ मध्ये अन्वर सादात यांनी अनुदाने कमी केली, तेव्हा भाकरीसाठी दंगली उसळल्या आणि निर्णय मागे घ्यावा लागला. त्यामुळेच अनुदानित भाकरीचा पाच पियास्तरांचा दर तीन दशकांहून अधिक काळ कोणी हलवला नव्हता. जून २०२४ मध्ये तो वीस पियास्तरांवर नेण्यात आला. २०१०च्या डिसेंबरात ट्युनिशियातील मोहम्मद बुअझिझी या फेरीवाल्याने स्वतःला पेटवून घेतले आणि त्या आगीत राजवटी कोसळल्या. रियाधने तेव्हा सुमारे १३० अब्ज डॉलरच्या सवलती जाहीर करून शांतता विकत घेतली. पुढच्या वेळी तेवढी रक्कम हाताशी असेलच, याची शाश्वती कोण देणार?

या फेरमांडणीचे पडसाद रत्नागिरी-रायगडमधील घरांपर्यंत येणार, हे उघड आहे. आखातात सुमारे ९० लाख भारतीय आहेत. रिझर्व्ह बँकेच्या पाहणीनुसार २०२३-२४ मध्ये परदेशस्थ भारतीयांनी पाठवलेल्या रकमेचा सुमारे ३८ टक्के वाटा तेथून आला. आपल्या तरुणांना खासगी क्षेत्रात सामावून घेण्यासाठी आखाती सरकारे ज्या जागा राखून ठेवतील, त्या आज आपल्या माणसांच्या आहेत.

राहता राहिला प्रश्न हिशेबाचा. कर भरणारा नागरिक आपोआप जाब विचारू लागतो, असा सिद्धांत आहे. आखाताने तो अद्याप खरा केलेला नाही. ज्या कुवेतमध्ये संसदेचा आवाज सर्वांत बुलंद होता, तेथे मूल्यवर्धित कर लागू होऊ शकला नाही आणि मे २०२४ मध्ये अमिरांनी ती संसदच विसर्जित करून राज्यघटनेची काही कलमे चार वर्षांपर्यंत स्थगित केली. सरकार मागू लागले आहे, पण विचारून मागत नाही. कुवेतच्या व्यापाऱ्यांनी १९३८ मध्ये विचारलेला प्रश्न तेलाखाली दडपला गेला होता. तेलाचा थर पातळ होईल, तसा तो पुन्हा वर येईल. त्याचे उत्तर केवळ नव्या शहरांच्या आराखड्यांत सापडणारे नाही.