सरकारी वकील नेमका कोणाचा? खैरलांजीपासून राज्यसभेपर्यंत

जुलै २०२५ मध्ये राष्ट्रपतींनी राज्यसभेवर चार जण नियुक्त केले. त्यात ॲड. उज्ज्वल निकम यांचे नाव होते. वलगावच्या स्टँडवर चहा पिता पिता आमच्यातल्याच एका पोराने मोबाईल पुढे केला. त्याने अभिनंदनाचे स्टेटस ठेवले होते. दुसरा म्हणाला, "थो खासदार झाला त आपल्याले काय करा लागते?" आमच्या मते दोघेही चुकले. करा लागते, आणि बरेच करा लागते.

आधी एक गोष्ट स्पष्ट करू. निकम निवडून आलेले नाहीत. २०२४ ला भाजपने त्यांना उत्तर मध्य मुंबईतून लोकसभेला उभे केले. सर्वसाधारण मतदारसंघ, देशभर गाजलेले नाव, पाठीशी केंद्रातला आणि राज्यातला सत्ताधारी पक्ष. तरी १६,५१४ मतांनी ते हरले. हरवले कोणी? धारावी या राखीव मतदारसंघाच्या आमदार राहिलेल्या वर्षा गायकवाड यांनी. लोकांनी जे दिले नाही ते वर्षभराने नियुक्तीने मिळाले. संविधानाच्या कलम ८० मध्ये अशा १२ जागा साहित्य, विज्ञान, कला आणि समाजसेवा या क्षेत्रांतल्या जाणकारांसाठी आहेत. फौजदारी वकिली यातल्या कशात बसते, ते नेमणाऱ्यांनाच ठाऊक.

पण नियुक्ती म्हणजे आपोआप लाज, असेही आम्ही म्हणणार नाही. बाबासाहेब १९२७ मध्ये मुंबई विधिमंडळात गेले ते गव्हर्नरांनी नेमलेले सदस्य म्हणूनच. त्या खुर्चीवरून १९२८ साली त्यांनी महार वतनाचे बिल आणले. ज्या सरकारने नेमले त्याच सरकारला त्यांनी आमच्या बापजाद्यांच्या वेठबिगारीचा हिशोब विचारला. तेव्हा माणूस खुर्चीवर कसा पोचला यासोबतच, तिथे बसून कोणाचे बिल मांडतो हेही पाहावे लागते. निकम साहेबांनाही हेच माप लावू.

जळगावचा हा वकील १९९३ च्या मुंबई बॉम्बस्फोट खटल्यातून पुढे आला. गुलशन कुमार हत्या, प्रमोद महाजन हत्या, २६/११ चा कसाब खटला, शक्ती मिल, कोपर्डी. यादी मोठी आहे आणि मेहनतही मोठी आहे. ती नाकारण्याचा कोतेपणा आम्हाला करायचा नाही. २०१६ ला पद्मश्री मिळाली. पण याच माणसाने २०१५ साली जयपूरला जाहीर सांगितले की कसाबने बिर्याणी मागितल्याची गोष्ट आपणच रचली होती. आरोपीच्या बाजूने भावनेची लाट तयार होत होती, ती मोडायला. आरोपी कसाब होता म्हणून देश हसला आणि विसरला. आम्हाला मात्र ते गंभीर वाटते. बार कौन्सिलचा नियम सांगतो की सरकार पक्षाच्या वकिलाने खटला असा चालवावा की निर्दोष माणसाला शिक्षा होऊ नये. म्हणजे तो सूड घेणारा नाही, तो न्यायालयाचा माणूस आहे. त्याने कोर्टाच्या पायरीवर कॅमेऱ्यासमोर गोष्टी रचायला लागल्या, तर उद्या आपल्या वस्तीतल्या एखाद्या पोराविरुद्धही तशीच गोष्ट रचली जाईल. भीमा कोरेगावनंतर आपली किती माणसे गोष्टींच्याच जोरावर आत गेली, हे सांगायला नको.

आता खैरलांजी. २९ सप्टेंबर २००६. सुरेखा, प्रियंका, सुधीर, रोशन. या खटल्यात विशेष सरकारी वकील निकमच होते. भंडाऱ्याच्या कोर्टाने सप्टेंबर २००८ मध्ये आठ जणांना दोषी ठरवले, सहांना फाशी, दोघांना जन्मठेप. टीव्हीवर विजय झाला. फाशीच्या आकड्याने आपलेही अनेक जण सुखावले. पण निकालात ॲट्रॉसिटीचा कायदा लागला नाही, विनयभंगाचे कलम लागले नाही. कोर्टाच्या मते तो जातीचा हल्ला नव्हता, सूड होता. जुलै २०१० मध्ये नागपूर खंडपीठाने फाशी रद्द करून २५ वर्षांची कैद केली आणि जातीचा प्रश्न तिथेही बाहेरच राहिला. भैयालाल भोतमांगे जानेवारी २०१७ मध्ये गेले, तोवर ते न्याय मागतच होते.

याचा सगळा दोष एका वकिलावर टाकणे अन्यायाचे होईल. पोलिसांनी सुरुवातीला काय घोळ घातला ते सगळ्यांना माहीत आहे, नंतरचा तपास सीबीआयचा, निकाल न्यायाधीशांचा. पण देशातला सर्वात नामांकित सरकारी वकील उभा असताना, बौद्ध कुटुंबाचे हत्याकांड जातीमुळे झाले ही एवढी उघड गोष्ट सरकार पक्षाला सिद्ध करता आली नाही, ही नोंद पुसता येत नाही. अभिनंदनाचे स्टेटस ठेवणाऱ्या पोराला आम्ही एवढेच विचारले. त्याचा जन्म २००५ चा. त्याला खैरलांजी हे गावाचे नाव आहे एवढेच ठाऊक होते. ही चूक त्याची नाही, आमची आहे.

दुसरी एक जोडी पाहा. नोव्हेंबर २०१७, अहमदनगर. कोपर्डीच्या प्रकरणात निकम उभे होते. गुन्हा भयानक होता, त्या मुलीला न्याय मिळायलाच हवा होता, आणि दीड वर्षाच्या आत तिघांना फाशी झाली. त्याच आठवड्यात, त्याच जिल्ह्यात, खर्ड्याच्या नितीन आगेच्या खुनातले नऊ आरोपी निर्दोष सुटले. १७ वर्षांचा पोरगा, २८ एप्रिल २०१४ ला मारलेला. साडेतीन वर्षे खटला रेंगाळला आणि एकामागून एक साक्षीदार फिरले. कोपर्डीसाठी लाखोंचे मोर्चे निघाले, सरकार हलले. नितीनसाठी आपण निघालो, पण आपल्या मोर्च्याने सरकार तेवढे हलत नाही. साक्षीदारांना संरक्षण कोण देणार, त्यांना कोर्टात उभे राहण्याची हिंमत कोण देणार? हे काम सरकार पक्षाचे. ते काही खटल्यांत होते आणि काहींत होत नाही, हे आम्ही योगायोग मानत नाही.

आणि राजकारणाचा प्रश्न इथेच येतो. निकम यांनी २०२४ ला उमेदवारी घेताना विशेष सरकारी वकिलीचे राजीनामे दिले. ४ जूनला हरले आणि जूनमध्येच सरकारने त्यांना परत नेमले. पुढे बदलापूर, मग मस्साजोगचे सरपंच संतोष देशमुख यांची हत्या. देशमुख कुटुंबाला न्याय मिळो, आमचीही तीच इच्छा आहे. पण ज्या पक्षाच्या चिन्हावर मत मागितले त्याच पक्षाचे गृहखाते खटले सोपवते. उद्या आरोपी त्या पक्षाच्या जवळचा निघाला तर? वकील कितीही प्रामाणिक असो, पीडिताच्या मनात ही शंका येऊच नये, एवढी तरी सोय व्यवस्थेने करायला हवी होती.

सरकारी वकिलीतून दुसराही रस्ता निघतो, आणि तो आपल्या अमरावतीतून गेलेला आहे. भूषण गवई १९९२-९३ मध्ये नागपूर खंडपीठात सहायक सरकारी वकील होते, २००० साली तिथेच मुख्य सरकारी वकील झाले, २००३ ला न्यायाधीश आणि मे २०२५ मध्ये भारताचे सरन्यायाधीश. वडील रा. सू. गवई आयुष्यभर राजकारणात, मुलगा न्यायपीठावर. उपवर्गीकरण आणि क्रीमीलेयरवरच्या त्यांच्या मताशी आमचे भांडण आहे आणि राहील. पण सरकारी वकिलीची खुर्ची ही किती मोठी शिडी आहे, हे यातून दिसते. या शिडीच्या खालच्या पायरीवर आपली किती पोरे आहेत?

सहायक सरकारी अभियोक्ता ही जागा एमपीएससीतून भरते, तिथे आरक्षण आहे. पण सेशन कोर्टातले जिल्हा सरकारी वकील आणि विशेष सरकारी वकील नेमणुकीने येतात, आणि सरकार बदलले की पुष्कळदा त्यांची नावेही बदलतात. पंजाबने महाधिवक्त्यांच्या कार्यालयात अनुसूचित जातींसाठी विधी अधिकाऱ्यांच्या जागा राखून ठेवल्या. फुले-शाहू-आंबेडकरांचे नाव घेतल्याशिवाय भाषण न करणाऱ्या महाराष्ट्रात ही मागणी साधी जाहीरनाम्यातही कोणी का घेत नाही?

तोवर हातात आहे ते वापरू. एका खटल्यात आम्ही पीडित बाईसोबत वर्षभर तारखांना गेलो. तिच्या सरकारी वकिलाला साक्षीच्या दिवशी सकाळपर्यंत तिचे नाव माहीत नव्हते. तेव्हा आम्हालाही कायदा पुरता माहीत नव्हता. आता आहे. ॲट्रॉसिटी नियम १९९५ चा नियम ४ सांगतो की पीडिताची इच्छा असेल तर जिल्हाधिकारी नामांकित ज्येष्ठ वकील नेमू शकतात आणि फी सरकार देते. म्हणजे निकमांसारखा वकील मागण्याची सोय वस्तीतल्या बाईलाही आहे, तेही मोर्चा न काढता, एका अर्जावर. त्याच नियमात विशेष सरकारी वकिलांच्या कामाचा जानेवारी आणि जुलैत आढावा घ्यायला सांगितले आहे. कलम १५अ नुसार प्रत्येक तारखेची माहिती मिळण्याचा आणि जामिनाच्या वेळी आपले म्हणणे मांडण्याचा हक्क पीडिताला आहे.

अमरावती आणि अकोला या दोन्ही जिल्हाधिकारी कार्यालयांत आम्ही माहिती अधिकाराचे अर्ज टाकतो आहोत: मागच्या पाच वर्षांत हा आढावा किती वेळा झाला, इतिवृत्त द्या; पीडिताच्या मागणीवरून किती वकील नेमले, यादी द्या. अर्जाचा नमुना तयार आहे. स्टेटसवाल्या पोराने तो टाईप केला. तो यंदा एलएलबीच्या पहिल्या वर्षाला आहे. ज्यांना आपल्या तालुक्यातून असाच अर्ज टाकायचा आहे त्यांनी रविवारी दुपारी वलगावच्या विहारात यावे, येताना आपल्या भागातल्या चालू खटल्यांचे नंबर आणावेत.