शेवटचं मत कोणाचं?

उपसरपंचाची निवड जवळ आली की आमच्याकडे काही सदस्य अचानक देवदर्शनाला निघतात. फोन बंद. मतदानाच्या दिवशी गाडी थेट ग्रामपंचायतीच्या दारात लागते. अड्याळच्या पानठेल्यावर याला कुणी कट म्हणत नाही; 'सदस्य सहलीले गेले' एवढंच. त्यामुळे २०२३च्या फेब्रुवारीत तिथेच 'बिग बॉस'वर जे वाद रंगत, ते मला पोरकट वाटले नाहीत.

शिव ठाकरे अमरावतीचा, म्हणजे 'आपला पोट्टा'. २०१९ला मराठी 'बिग बॉस' जिंकलेला. हिंदीच्या सोळाव्या पर्वात त्याची 'मंडळी' जमली: एमसी स्टॅन, अब्दू रोझिक, साजिद खान, निमृत आणि सुंबुल. नॉमिनेशनला सहा जण एकमेकांना सांभाळत, बाकीचे एकेकटे मार खात. अब्दू आणि साजिद जानेवारीतच बाहेर पडले, तरी अंतिम फेरीत उरलेले शेवटचे दोघं मंडळीतलेच. सलमाननं हात उंचावला तो मात्र पुण्याच्या स्टॅनचा. मोट शिवनं बांधली अन् ट्रॉफी दुसऱ्यानं नेली, ही आमच्याकडची तक्रार. मला ती पटत नाही. घरातली युती घरातल्या मतांपुरती. शेवटचं मत प्रेक्षकांचं होतं, आणि तिथे स्टॅनचे चाहते भारी पडले.

अमेरिकेतल्या 'सर्व्हायव्हर' या अशाच रिअॅलिटी शोची गोष्ट उलटी. २००० साली बोर्निओजवळच्या पुलाउ टिगा बेटावर १६ जण, ३९ दिवस. रिचर्ड हॅचनं चौघांची गट्टी बांधली. समोरच्या टोळीला अशी गट्टी म्हणजे लबाडी वाटे. ते मतं विखरत राहिले आणि एकेक करून गेले. पण मेख शेवटी होती. विजेता निवडायचा तो बाहेर काढलेल्यांपैकी सात जणांनी! सू हॉक ही हॅचच्याच चौघांतली. तिनं भर सभेत हॅचला साप आणि त्याच्यासोबत शेवटी उरलेल्या केली विगल्सवर्थला उंदीर म्हटलं, आणि मत सापाला दिलं. ग्रेग बुइसनं तर दोघांना १ ते १० मधला आकडा विचारला. त्याच्या मनात ९ होता; हॅच ७ म्हणाला, केली ३. त्याचंही मत हॅचला. ४ विरुद्ध ३, दहा लाख डॉलर.

आपल्याकडे हे दोन्ही खेळ एकाच इमारतीत चालतात. थेट जनतेतून सरपंच २०१७ला आला, २०२०त गेला, २०२२ला परत आला. उपसरपंच मात्र सदस्यच निवडतात. सरपंचकीला उभं राहणाऱ्याला तेरवीपासून मंडईपर्यंत सगळीकडे तोंड दाखवावं लागतं. उपसरपंचकीला हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी माणसं फुटू दिली नाहीत की झालं. मुरलेले पुढारी दोन्हींची गल्लत करत नाहीत. नवखे करतात, आणि मग पानठेल्यावर गद्दारीची भाषा सुरू होते.

२०२४च्या मराठी 'बिग बॉस'मध्ये बारामतीकडच्या मोढव्याचा सूरज चव्हाण जिंकला, तेव्हा 'त्याला गेमच कळत नाही' म्हणून कितीजण चिडले होते. निवडणूक सरपंचाची होती, आणि चिडणारे उपसरपंचाची मतं मोजत बसले होते.