त्याला चपला राखायला बसवू नका



माझा चुलतभाऊ माझ्याच वर्गात आहे. त्याला दिसत नाही. उजेड-अंधार तेवढा कळतो. आम्ही सोयाबीन काढलेल्या वावरात क्रिकेट खेळायचो, तेव्हा त्याला बांधावर चपला राखायला बसवायचो. मीपण बसवायचो. काकू म्हणायची, "त्याला खेळायला नेऊ नका, पडंल लेकरू."

मग गुरुजींनी वर्गात एक बातमी सांगितली. २३ नोव्हेंबर २०२५ ला कोलंबोत अंध महिलांच्या पहिल्या टी-ट्वेंटी विश्वचषकाचा अंतिम सामना झाला. भारताने नेपाळला ७ गडी राखून हरवले. कप्तान कर्नाटकची दीपिका टी. सी. होती आणि उपकप्तान आपल्या महाराष्ट्राची गंगा कदम. गंगाताई शेतकऱ्याची मुलगी आहे.

माझ्या भावाने लगेच विचारले, "गुरुजी, त्यांना चेंडू कसा दिसतो?"

गुरुजी म्हणाले, "दिसत नाही, ऐकू येतो." तो चेंडू प्लॅस्टिकचा असतो. आत छऱ्या असतात, त्या खुळखुळ वाजतात. चेंडू खालून सरपटत टाकतात. टाकणारी आधी "रेडी?" विचारते, मग "प्ले" म्हणते. अकरा जणींत निदान चार जणी अजिबात न दिसणाऱ्या लागतात. त्यांच्या धावा दुप्पट धरतात.

रविवारी आम्ही प्लॅस्टिकच्या चेंडूला भोक पाडून आत बारीक खडे घातले आणि वरून चिकटपट्टी लावली. पहिले तीन चेंडू भावाला लागले नाहीत, कारण आम्हीच लई ओरडत होतो. मग सगळे गप्प बसलो. चौथा चेंडू त्याने असा हाणला की तो हळदीच्या वावरात गेला. नंतर मी डोळ्यांना रुमाल बांधून खेळलो. मला एकही चेंडू लागला नाही. भाऊ पळताना एकदा पडला, गुडघा खरचटला. पण मी तर रोजच पडतो.

म्हणून माझे मत असे आहे की, ज्याला दिसत नाही त्याला "बिचारा" म्हणू नये. त्याला खेळता येत नाही असे नाही, आपला चेंडू मुका असतो. चेंडू वाजता करावा आणि आपण थोडे गप्प बसावे.

आईवडिलांनो, पडंल म्हणून लेकराला घरात ठेवू नका. आणि गुरुजी, २६ जानेवारीच्या खेळात माझ्या भावाचे नाव लिहा, ही विनंती. चपला कोणी नेत नाही.

— इयत्ता ४ थीचा एक विद्यार्थी