सूट देण्याचा अधिकार कोणाचा?

सर्वोच्च न्यायालयाने १ सप्टेंबर २०२५ रोजी दिलेल्या निकालानंतर, सेवेतील शिक्षकांना पात्रता परीक्षेतून सूट द्यावी, अशी मागणी राज्याराज्यांतून उठली. मागणीमागील व्यथा खरी आहे. परंतु ज्या दारावर ही थाप पडते, त्या दाराआड सूट देण्याचा अधिकार आहे काय, हे आधी पाहिले पाहिजे.

शिक्षणहक्क कायदा, २००९ च्या कलम २३ अन्वये शिक्षकांची किमान अर्हता ठरविण्याचे काम केंद्राने राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेकडे सोपविले, आणि परिषदेने २३ ऑगस्ट २०१० च्या अधिसूचनेने पात्रता परीक्षा आवश्यक केली. अर्हता शिथिल करण्याचा अधिकार त्याच कलमाने केंद्र सरकारला दिला. तोही प्रशिक्षणसंस्था वा अर्हताप्राप्त शिक्षक अपुरे असतील तेव्हाच, आणि अधिकाधिक पाच वर्षांपुरता. राज्य शासनाला हा अधिकार नाही.

उत्तर प्रदेशाने हे न मानता २०१४ साली आपल्या नियमांत दुरुस्ती करून शिथिलीकरणाचा अधिकार स्वतःकडे घेतला आणि शिक्षामित्रांना कायम केले. अलाहाबाद उच्च न्यायालयाने २०१५ मध्ये ती दुरुस्ती रद्द केली व सर्वोच्च न्यायालयाने २५ जुलै २०१७ रोजी तो निर्णय कायम ठेवला. औदार्य शासनाने दाखविले. त्याची किंमत मात्र लाखाहून अधिक शिक्षामित्रांनी मोजली. उत्तीर्णतेच्या गुणांत राखीव वर्गांना सवलत देणे ही गोष्ट वेगळी. ती राज्यांना देता येते, असे न्यायालयाने २०१६ मध्ये मान्य केले आहे. गुणांतील सवलत म्हणजे परीक्षेतून मुक्तता नव्हे.

तथापि शिक्षकांची बाजूही पोकळ नाही. २०१० च्या त्याच अधिसूचनेने, तत्पूर्वी नियमानुसार नेमलेल्या शिक्षकांना नव्या अर्हतेची गरज नाही, असे म्हटले होते. त्या शब्दावर विसंबून ज्यांनी पंधरा वर्षे वर्ग सांभाळले, त्यांना निकालाने दोन वर्षांत परीक्षा द्या अथवा सेवा सोडा, असे सांगितले. निवृत्तीस पाच वर्षांहून कमी काळ उरलेल्यांना न्यायालयाने घटनेच्या अनुच्छेद १४२ खालील आपल्या विशेष अधिकारात अभय दिले. पण पदोन्नतीसाठी परीक्षा त्यांनाही चुकली नाही. पन्नाशीच्या शिक्षकाने पोरांच्या वह्या तपासून रात्री स्वतःच्या परीक्षेचा अभ्यास करावा, ही वेळ त्याच्या आळसाने आलेली नाही.

मग उपाय कोणता? आमच्या मते, जुन्या शिक्षकांना न्याय द्यावयाचा तर संसदेने कायद्यात स्पष्ट दुरुस्ती करावी. २०१७ मध्ये अप्रशिक्षितांची मुदत वाढविताना संसदेने हाच मार्ग अवलंबिला होता. मंत्र्यांच्या आश्वासनाने किंवा शासननिर्णयाने हे साधणार नाही. राज्याच्या हाती जे आहे, ते मात्र त्याने चोख करावे: परीक्षा वेळेवर व वारंवार घ्यावी, शिक्षकांवरील अशैक्षणिक कामांचा बोजा उतरवावा आणि परीक्षेची पत राखावी. २०१९ च्या परीक्षेतील गुणघोटाळ्यात महाराष्ट्राला हजारो निकाल रद्द करावे लागले, हे लोक विसरलेले नाहीत.

योग्य शिक्षक मिळणे हा बालकाचा हक्क आहे, आणि दिलेला शब्द पाळला जाणे हा शिक्षकाचा. या दोहोंचा मेळ घालण्याचे काम कायदा करणाऱ्यांचे आहे. अधिकार नसलेल्या हाताने दिलेली सूट न्यायालयाच्या पायरीवर गळून पडते, आणि तिच्याबरोबर पडतो तो शिक्षकच.