स्मिथ चालतो, मग कुंभार का नाही?

इंग्लंडात सगळ्यात जास्त आढळणारं आडनाव कोणतं? स्मिथ. म्हणजे आपला लोहार! टेलर म्हणजे शिंपी, कार्पेंटर सुतार, पॉटर कुंभार. सन १४०० च्या सुमारास तिकडे बहुतेक घरांत आडनाव पिढीजात झालं. पुढे पोरांनी धंदे बदलले, नाव तेवढं राहिलं. आज स्मिथ म्हटल्यावर कुणी रोटी-बेटीचा हिशेब मांडत नाही.

आणि आपण? खोली भाड्याने देताना 'पूर्ण नाव सांगा' म्हणायचं अन् आडनावातून जात हुडकायची! मुलांना हॅरी पॉटर कौतुकाने वाचून दाखवता ना? मग कुंभार आडनावाचा भाडेकरू दारात आला की कपाळाला आठी का?

आडनाव बदला, असले सल्ले कुणाला देऊ नका. आधी तो प्रश्न विचारणं बंद करा.